मोकळ्या जागाही मजकूरच आहेत

संपादक महोदय,

सप्रेम नमस्कार.

शांतता, ध्वनी आणि संगीत या विषयांवरील पुस्तकांची ओळख करून देणारा आपल्या साहित्य पुरवणीतील दीर्घ लेख मी आस्थेने वाचला. अशा पुस्तकांना वर्तमानपत्रात सहसा जागा मिळत नाही आणि मिळालीच तर ती गायक-वादकांच्या चरित्रांपुरती असते, त्यामुळे हा विषय निवडल्याबद्दल लेखकाचे आणि आपले आभार मानायलाच हवेत. मात्र लेखासोबत चौकटीत दिलेल्या उताऱ्यात एक चूक झाली आहे. ती मुद्रणदोष म्हणून सोडून द्यावी असे मला वाटत नाही, कारण लेखातील आणखी दोन-तीन विधाने ज्या समजुतीतून आली आहेत, त्याच समजुतीतून ही चूकही झालेली दिसते.

हा उतारा अमेरिकन संगीतकार जॉन केज यांच्या १९६१ साली प्रसिद्ध झालेल्या 'सायलेन्स' या पुस्तकातील 'लेक्चर ऑन नथिंग' या व्याख्यानातला आहे. मूळ पुस्तकात हे व्याख्यान चार स्तंभांत छापले आहे आणि स्तंभ वरून खाली न वाचता प्रत्येक ओळ डावीकडून उजवीकडे आडवी वाचावी, अशी सूचना आरंभीच दिली आहे. प्रत्येक ओळीत चार खंड, अशा बारा ओळींचा एक विभाग, म्हणजे विभागात ४८ खंड, आणि असे एकूण ४८ विभाग, असा त्याचा आराखडा आहे. तालाच्या आवर्तनाची सवय असलेल्या वाचकाला त्यात अवघड असे काही नाही. शब्द असोत वा नसोत, मात्रा चालूच राहतात, एवढे लक्षात ठेवले की पुरे. एखाद्या ओळीत दोनच शब्द येतात आणि उरलेली ओळ कोरी राहते, तर कुठे स्वल्पविरामसुद्धा आपल्या शब्दापासून सुटून एकटा उभा असतो. आपल्या चौकटीत या सर्व जागा मिटवून सलग परिच्छेद छापला आहे. बंदिशीतली आवर्तने मोडून तिचे शब्द एका दमात वाचून दाखवावेत, तसा हा प्रकार झाला.

या उताऱ्यातले काही भाग मी घड्याळ समोर ठेवून मोठ्याने वाचून पाहिले आहेत. पहिल्यांदा कोऱ्या जागांवरून घाईने पुढे गेले, कारण बोलता बोलता थांबणे म्हणजे काहीतरी विसरणे, असा आपला संस्कार असतो. दुसऱ्यांदा प्रत्येक जागेला तिचा वेळ दिला, तेव्हा छतावरच्या पंख्याची प्रत्येक फेरीला होणारी बारीकशी टकटक ऐकू येऊ लागली. ती वर्षानुवर्षे होत असावी. तिसऱ्या वेळेपर्यंत वाक्यांचा अर्थ बराचसा मागे पडला होता आणि पुढची कोरी जागा केव्हा येते याची मी वाट पाहू लागले होते. व्याख्यानाच्या शीर्षकात 'काही नाही' असे का म्हटले आहे, हे मला त्या वेळी उमगले. लेखात मात्र त्याचा उल्लेख 'शून्यवादी विचार' असा झाला आहे.

आता वस्तुस्थितीविषयीच्या एका दुरुस्तीकडे वळते. '४ मिनिटे ३३ सेकंद' या केज यांच्या रचनेचे वर्णन लेखात 'संपूर्ण शांततेची रचना' असे केले आहे. २९ ऑगस्ट १९५२ रोजी न्यूयॉर्क राज्यातील वुडस्टॉक येथील मॅव्हरिक सभागृहात पियानोवादक डेव्हिड ट्यूडर यांनी ती प्रथम सादर केली. रचनेचे तीन भाग आहेत. प्रत्येक भागाच्या आरंभी त्यांनी पियानोचे झाकण मिटले आणि शेवटी उघडले, एवढीच त्यांची दृश्य कृती होती. हे सभागृह रानात, मागच्या बाजूने उघडे असलेले असे होते. पहिल्या भागात बाहेर वाऱ्याची चाहूल होती, दुसऱ्यात पावसाचे थेंब छपरावर वाजू लागले आणि तिसऱ्यात श्रोते आपसांत बोलत किंवा उठून जात होते, असे केज यांनीच पुढे सांगितले. म्हणजे त्या संध्याकाळी पुष्कळ काही वाजले, फक्त पियानो वाजला नाही. अशा रचनेला संपूर्ण शांततेची रचना म्हणणे म्हणजे ज्या समजुतीला तिने आव्हान दिले तीच तिच्या माथी मारणे होय.

याच्या आधीची एक घटना लेखात आली आहे, पण ती अर्धीच. केज १९५१ च्या सुमारास हार्वर्ड विद्यापीठातील प्रतिध्वनिरहित खोलीत गेले असता त्यांना दोन आवाज ऐकू आले, एक उंच आणि एक खालचा. तेथील अभियंत्याने त्यांना सांगितले की उंच आवाज त्यांच्या मज्जासंस्थेचा असून खालचा रक्ताभिसरणाचा आहे. केज यांनी हा प्रसंग आयुष्यभर सांगितला आणि नंतरच्या असंख्य लेखांप्रमाणे आपल्या लेखातही तो शास्त्रीय सत्य म्हणून आला आहे. मज्जासंस्थेचा आवाज माणसाच्या कानाला ऐकू येत नाही; तो उंच सूर बहुधा त्यांच्या कानातलाच नाद असावा, ज्याचा त्रास अनेकांना होतो आणि जो बाहेरचे आवाज थांबले की अधिक ठळक होतो. अभियंत्याचे स्पष्टीकरण चुकीचे ठरले म्हणून केज यांचा निष्कर्ष बाद होत नाही. आवाज नाही अशी जागा ऐकणाऱ्याला सापडत नाही, कारण ऐकणारा स्वतःच तिथे असतो, ही गोष्ट उलट अधिकच पक्की होते. पण पुस्तकांची ओळख करून देणाऱ्याने मूळ हकीकत आणि तिच्यावरचे भाष्य यांत फरक करायला हवा होता.

माझा मुख्य आक्षेप शब्दांबद्दल आहे. लेखात 'सायलेन्स' या इंग्रजी शब्दासाठी आरंभापासून अखेरपर्यंत 'शांतता' हा एकच शब्द वापरला आहे. मराठीला इतके गरीब समजण्याचे कारण नाही. बोलता येत असून न बोलणे म्हणजे मौन. रागाने न बोलणे म्हणजे अबोला, आणि अबोल्यात शांतता तर नसतेच. माणसे असायला हवी होती तिथे ती नसली की शुकशुकाट. गडबड होती ती निवाली की सामसूम. काहीतरी भयंकर घडून गेल्यावर किंवा घडण्याच्या आधी पसरतो तो सन्नाटा. पानही हलत नाही तेव्हा स्तब्धता. केज यांच्या पुस्तकाचे नाव यांपैकी कशातच नेमके बसत नाही, कारण त्यांना अभिप्रेत आहे तो केवळ हेतूचा अभाव: कुणीही मुद्दाम न केलेले आवाज. याच्या उलट, माक्स पिकार्ड या स्विस लेखकाने १९४८ साली जर्मन भाषेत याच विषयावर जे पुस्तक लिहिले, त्यात मौन म्हणजे बोलणे थांबल्यावर जे उरते ते नव्हे, ती स्वतंत्र अस्तित्व असलेली वस्तू आहे, अशी भूमिका आहे. तिथे 'मौन' हा शब्द चालेल. ही दोन्ही पुस्तके एकाच परिच्छेदात 'शांततेचे महत्त्व सांगणारी' म्हणून येतात, तेव्हा दोघांचेही म्हणणे वाचकापर्यंत पोचत नाही. मेंदुविकारतज्ज्ञ ऑलिव्हर सॅक्स यांच्या १९८९ च्या 'सीइंग व्हॉइसेस' या पुस्तकाचीही तीच गत झाली आहे. बधिरांच्या जगाला आपण 'नि:शब्द' म्हणून मोकळे होतो. त्या जगात व्याकरण, विनोद आणि कविता असलेली संपूर्ण भाषा हातांनी आणि चेहऱ्याने बोलली जाते, हेच तर त्या पुस्तकाचे प्रतिपादन आहे.

केज यांच्याविषयी आणखी एक गोष्ट लेखात असती तर बरे झाले असते. १९४६ साली भारतीय संगीताच्या अभ्यासक गीता साराभाई यांनी त्यांना भारतीय संगीताची ओळख करून दिली आणि त्यांच्याकडून पाश्चात्त्य स्वररचनेचे धडे घेतले. संगीताचे प्रयोजन काय, या केज यांच्या प्रश्नाला त्यांनी दिलेले उत्तर असे होते की मन निवळून शांत व्हावे आणि त्यामुळे ते दैवी प्रभावाला ग्रहणशील व्हावे. मन शांत होणे आणि खोली शांत होणे यांतला फरक केज यांनी पुढे किती मनावर घेतला, हे त्यांच्या पुस्तकात जागोजागी दिसते.

लेखात न आलेल्या पुस्तकांबद्दल तक्रार करणे नेहमीच सोपे असते, कारण सगळेच कुठे मावत नाही. तरीही ध्वनीवरील पुस्तकांच्या यादीत जर्मन शास्त्रज्ञ हेल्महोल्ट्झ यांचे नाव नसावे याचे नवल वाटते. स्वरसंवेदनांवरचा त्यांचा ग्रंथ १८६३ साली जर्मन भाषेत निघाला आणि अलेक्झांडर एलिस यांनी १८७५ साली त्याचा इंग्रजी अनुवाद प्रसिद्ध केला. दोन तारा जवळजवळ एका स्वरात असतात, तेव्हा त्यांच्या एकत्र नादात जी लहर येते-जाते, तिला त्यांनी विचाराच्या केंद्रस्थानी आणले. एक तार सेकंदाला २२० आणि दुसरी २२२ कंपने करीत असेल, तर नाद सेकंदाला दोनदा फुगतो आणि ओसरतो. तंबोरा लावताना हे कुणीही ऐकू शकते. दुसरी जोडतार पहिलीच्या जवळ आणत जावी तशी ती लहर मंदावते, एका क्षणी लांबच लांब होते आणि मग नाहीशी होते. मणी किंचित पुढे सरकला की पुन्हा सुरू. मी अनेक वर्षे 'तार लागली' असे म्हणत होते, पण कान नेमका कशाची वाट पाहत असतो हे तो ग्रंथ वाचेपर्यंत मला सांगता आले नसते. ही लहर फार जलद झाली, सेकंदाला सुमारे तेहेतीसच्या आसपास गेली, की कान तिला मोजू शकत नाही आणि तिची खरखर होते. दोन स्वर परस्परांना खटकतात ते यामुळे, असे हेल्महोल्ट्झ यांचे मत होते.

हा ग्रंथ तरुणपणी वाचून प्रभावित झालेल्यांत चंद्रशेखर वेंकट रामन होते. आपल्यावर ज्या पुस्तकांचा परिणाम झाला त्यांत त्यांनी त्याची गणना केली आहे. १९२१ साली त्यांनी तंबोरा आणि वीणा यांच्या घोडीविषयी, म्हणजे तारा जिच्यावर टेकतात त्या पट्टीविषयी, एक निबंध लिहिला. तार ज्या बिंदूवर छेडली जाते, तिथे ज्या उपस्वराचा (मूळ स्वरासोबत निघणाऱ्या वरच्या स्वराचा) स्थिर, न हलणारा बिंदू असेल तो उपस्वर निघू नये, असा तोवरचा नियम होता. पण घोडीची पसरट, किंचित बाकदार पाठ आणि तिच्यावर घातलेला सुताचा धागा यांमुळे तंबोऱ्यात असे उपस्वरही ठसठशीत ऐकू येतात, हे त्यांनी दाखवून दिले. जवारी, म्हणजे घोडीची पाठ आणि धागा जुळवून येणारा झणकार, लावणारा कारागीर जे बोटांनी जाणतो, त्याचे कारण कागदावर आले. एका पुस्तकाने एका वाचकाला त्याच्याच ओळखीच्या वाद्याकडे परत पाठवावे, यापेक्षा त्या पुस्तकाचे मोठे यश कोणते असणार?

वास्तविक ही परंपरा फार जुनी आहे. तेराव्या शतकात देवगिरीच्या यादवांच्या दरबारी शार्ङ्गदेवाने 'संगीतरत्नाकर' लिहिला. तो राजाच्या दप्तरखात्याचा अधिकारी होता आणि लिखाणातला नेमकेपणा पाहता त्याचे नवल वाटत नाही. आहत (आघाताने निघणाऱ्या) आणि अनाहत (आघाताविना असलेल्या) नादाबद्दल या ग्रंथाचा दाखला पुष्कळ लोक देतात, आपल्या लेखकानेही दिला आहे. पण श्रुती, म्हणजे सप्तकातले बावीस सूक्ष्म स्वरभेद, समजाव्यात म्हणून त्याने दोन वीणा घ्यायला सांगितल्या आहेत, प्रत्येकीला बावीस तारा, आणि पहिली तार शक्य तितक्या खालच्या स्वरात लावून पुढची तार अशी लावायची की दोहोंच्या मध्ये तिसरा नाद बसणार नाही. तत्त्वज्ञान सांगून न थांबता तो वाचकाच्या हाती खुंटी देतो. माझ्या मते या विषयावरील चांगल्या पुस्तकांची खूण हीच आहे, आणि लेखात तत्त्वज्ञानापुढे हा भाग नेमका दिसेनासा झाला आहे.

पर्यावरणाशी जोडलेल्या पुस्तकांबद्दलचा परिच्छेद मला लेखात सर्वांत आवडला. मरे शेफर यांच्या १९७७ च्या 'द ट्यूनिंग ऑफ द वर्ल्ड' या पुस्तकातील ध्वनिपरिसराची, म्हणजे एखाद्या ठिकाणच्या सगळ्या आवाजांनी मिळून बनणाऱ्या परिसराची, कल्पना तिथे नीट मांडली आहे. फक्त निसर्गातले आवाज मुद्रित करणारे बर्नी क्रॉझ यांच्या २०१२ च्या पुस्तकातली एक हकीकत जोडावीशी वाटते. सिएरा नेवाडा पर्वतातील एका कुरणात त्यांनी १९८८ साली निवडक वृक्षतोड होण्यापूर्वी आणि तोड झाल्यानंतर पुढल्या वर्षी ध्वनिमुद्रण केले. निवडून झाडे तोडल्याने काही बिघडत नाही, असे तोड करणाऱ्या कंपनीचे म्हणणे होते, आणि डोळ्यांना खरोखरच काही बदललेले दिसत नव्हते. छायाचित्रे सारखीच होती. मुद्रणात मात्र पहिल्या वर्षीची पक्ष्यांची दाटी गेलेली होती. ओढा आणि एखाद-दुसरा पक्षी एवढेच शिल्लक होते. हा शुकशुकाट आहे, शांतता नव्हे.

आपणास विनंती एवढीच की पुढील अंकात तो उतारा मूळच्या चार स्तंभांत, कोऱ्या जागांसह पुन्हा छापावा. चौकटीत त्याच्या निम्म्याच ओळी मावतील याची मला कल्पना आहे. तरीही उरलेली कोरी जागा जाहिरातीने भरून काढू नये.

आपली,
एक नियमित वाचक