गरिबीचे कौतुक कशाला?

स्कॉटलंडचे मोची आणि स्वयंशिक्षित निसर्गअभ्यासक थॉमस एडवर्ड (१८१४-८६) यांच्यावरील रविवार पुरवणीतला लेख वाचला. ‘गरिबीने त्यांना घडवले’ हा त्यातला सूर पटला नाही. गरिबीने त्यांची वाट अडवलीच. दिवसभर जोडे शिवून रात्री बॅन्फ या गावाच्या किनाऱ्यावर भटकत त्यांनी जमवलेले, टाचणीला लावलेले शेकडो कीटक उंदरांनी फस्त केले; चांगली कपाटे परवडणार कुठून? १८४६मध्ये ॲबर्डीन शहरात भरवलेले त्यांच्या संग्रहाचे प्रदर्शन पडले आणि देणी भागवायला सगळा संग्रह जेमतेम वीस पौंडांत गेला. लिनियन सोसायटी या निसर्गअभ्यासकांच्या संस्थेने १८६६मध्ये त्यांना सहयोगी सदस्य केले खरे, पण वर्षाला ५० पौंडांचे सरकारी निवृत्तिवेतन सुरू झाले ते साठी उलटल्यावर.

– एक वाचक, सातारा