कोळंबी बारा मिनिटे शिजवू नका

मा. संपादक,
स. न. वि. वि.

आपल्या रविवारच्या पुरवणीत बटर-लसूण कोळंबी आणि भाताची पाककृती आली. मटण, शेंगाचटणी आणि कडक भाकरीच्या सोलापुरात कोळंबीला अर्धे पान मिळाले, याचा मनापासून आनंद झाला. पण त्या कृतीत कोळंबीला लिंबू चोळून अर्धा तास ठेवायला सांगितले आहे, मग बटर घालून झाकण ठेवून १२ मिनिटे शिजवायला, आणि रस पातळ वाटला तर कॉर्नफ्लोअर लावायला. हे जसेच्या तसे केले तर महागामोलाची कोळंबी चिवट होणार, बटर तुपासारखे वर तरंगणार आणि भातावर खळीसारखे काहीतरी पडणार. कोळंबी पहिल्यांदाच आणणाऱ्या घरात मग ती पुन्हा येत नाही. म्हणून हे सविस्तर लिहीत आहे.

मूळ अडचण अशी की ती कृती किनाऱ्यावरची ताजी कोळंबी हाताशी आहे असे धरून लिहिलेली आहे. आपल्याकडे ताजे मिळते ते उजनीचे: चिलापी, कटला, रोहू. कोळंबी येते ती बहुतेक गोठवलेल्या पाकिटातून, नाहीतर थर्माकोलच्या खोक्यात बर्फावर. तीही समुद्रात पकडलेली कमीच, जास्त करून तळ्यात वाढवलेली व्हनामेई. ही मूळची अमेरिका खंडाच्या पॅसिफिक किनाऱ्यावरची जात. भारतात तिच्या शेतीला २००९ मध्ये परवानगी मिळाली आणि आज तिचे सर्वात मोठे उत्पादन आंध्र प्रदेशात होते. कोळंबी चांगलीच असते, तिच्याबरोबर पाणी फार येते एवढेच. सोलापुरात कोळंबी बिघडण्याचे पहिले कारण हे पाणीच आहे.

पाकिटातल्या प्रत्येक कोळंबीवर बर्फाचे पातळ कवच दिलेले असते, ती सुकू नये म्हणून. त्यामुळे पाकिटाचे एकूण वजन न पाहता बर्फ वगळून असलेले निव्वळ वजन पाहावे. घटकांमध्ये फॉस्फेट किंवा ४५१, ४५२ असे क्रमांक दिसले तर ती कोळंबी पाणी धरून ठेवणाऱ्या क्षारात भिजवलेली आहे. तव्यावर पडताच ती पाणी सोडते आणि भाजण्याऐवजी स्वतःच्याच पाण्यात उकडते. पाकिटावर ३१/४० असे लिहिलेले असते, त्याचा अर्थ एका पौंडात, म्हणजे साधारण ४५४ ग्रॅममध्ये, ३१ ते ४० नग. या पदार्थाला हाच आकार किंवा एक पायरी मोठा, २६/३० चा, योग्य. त्याहून बारीक असेल तर तिचे कालवण करावे. बटरमध्ये ती रंग धरायच्या आत आक्रसते.

बर्फावरची अख्खी कोळंबी घेताना वास घ्यावा. समुद्राचा, किंचित गोडसर वास चालेल. नाकात झोंबणारा अमोनियासारखा वास आला तर परत ठेवावी. डोके हाताला लागताच निखळत असेल तर ती जुनी आहे. डोक्यातली पाचकद्रव्ये मरणानंतर मांसात उतरतात आणि मानेकडचा भाग पिठूळ करतात. कवचावरचे काळे डाग मात्र दरवेळी सडल्याची खूण नसतात, कवचातल्या द्रव्याचा हवेशी संबंध आला की तेही काळवंडते. पण त्यावरून कोळंबी किती दिवसांची आहे याचा अंदाज येतो. आणि हिशेब असा धरावा की एक किलो अख्ख्या कोळंबीतून सोललेली साधारण अर्धा किलोच निघते. पाककृतीत नुसते ‘अर्धा किलो कोळंबी’ छापले तर चार माणसांचा घाट दोघांना पुरतो. सोलण्याआधीचे वजन की नंतरचे, हे प्रत्येक वेळी छापावे ही विनंती.

बर्फ उतरवायची उत्तम रीत म्हणजे रात्रभर फ्रिजच्या खालच्या कप्प्यात. घाई असेल तर पाकीट न फोडता गार पाण्यात ३० ते ४० मिनिटे. इथे आपल्या हवेचा विचार हवा. एप्रिल-मेमध्ये पारा चाळिशीच्या वर असतो, गच्चीवरच्या टाकीतून नळाला येणारे पाणी दुपारी अंघोळीला काढल्यासारखे गरम असते. त्या पाण्यात कोळंबी ठेवू नये. माठातले पाणी घ्यावे, त्यात बर्फाचे चार तुकडे टाकावेत. ओट्यावर तर ती तशीच मुळीच ठेवू नये; एवढ्या उन्हाळ्यात बाहेर तासभर राहिलेली कोळंबी टाकून द्यावी लागते.

सोलल्यावर पाठीवर उभी चीर देऊन काळा दोरा काढावा. पोटाकडचा दोरा हा मज्जातंतू असतो, तो राहिला तरी हरकत नाही. कवचे फेकू नयेत. या पदार्थाची अर्धी चव त्यांच्यात असते. चमचाभर तेलात अर्धा किलोची कवचे तीन-चार मिनिटे परतली की लालभडक होतात आणि घरभर खमंग वास सुटतो. मग दोन वाट्या पाणी, चार मिरे, कोथिंबिरीच्या काड्या घालून १५ मिनिटे मंद उकळावे, गाळावे आणि आटवून अर्धी वाटी करावे. यात मीठ घालू नये. आटल्यावर ते खारट होते आणि पुढे बटरचेही मीठ येणार असते. सोललेली कोळंबी आणली असेल तर हा रस मिळणार नाही, म्हणून पाठीवर चीर दिलेली पण कवचासकट असलेली घ्यावी.

आता लिंबू. आम्लाने कोळंबीचे मांस कच्चेपणीच गोठायला लागते. अर्ध्या तासात बाहेरचा थर पांढरा, कोरडा होतो आणि तव्यावर तो आणखी आवळतो. लिंबू हवेच, पण गॅस बंद केल्यावर. त्याऐवजी ५०० ग्रॅम सोललेल्या कोळंबीला अर्धा चमचा मीठ आणि पाव चमचा खाण्याचा सोडा चोळून १५ मिनिटे फ्रिजमध्ये ठेवावे. सोड्याने मांस कमी आवळते आणि खाताना कुरकुरीत-रसाळ लागते. पाव चमच्याच्या वर गेलात तर साबणासारखी चव येते. फॉस्फेट लावलेल्या कोळंबीला सोडा लावू नये, आणि तिला मीठही निम्मेच. मग सुती पंचावर पसरून वरून दुसरा पंचा दाबावा. हाताला ओल लागायची थांबली पाहिजे. ही पायरी सगळ्यात कंटाळवाणी, आणि सगळा पदार्थ तिच्यावरच उभा आहे.

भांडे स्टीलचे, जाड बुडाचे. भाकरीचा लोखंडी तवा कोळंबी भाजायला सुरेख, पण त्यात लिंबाचा रस पडला की रस काळपट होतो आणि लोखंडाची चव उतरते. पसरट भांड्यात २५० ग्रॅमच एका वेळी, एकमेकींना न चिकटता. सगळी एकदम टाकली की भांडे थंड पडते, पाणी सुटते आणि मघाचे पुसणे वाया जाते. एक चमचा तेल चांगले तापवून कोळंबी टाकावी, एक मिनिट हलवू नये, उलटावी, दुसऱ्या बाजूने पाऊण ते एक मिनिट. बस्स. राखाडी रंग जाऊन केशरी-गुलाबी येतो, कारण तो रंग कोळंबीत आधीपासूनच प्रथिनात अडकलेला असतो आणि उष्णतेने मोकळा होतो. अर्धगोल वाकली म्हणजे झाली. गोल वाटोळी होऊन शेपूट डोक्याकडे टेकली म्हणजे वेळ टळली. मानेकडचा सर्वात जाड भाग किंचित अर्धपारदर्शक असतानाच ताटात काढावी, उरलेले ती स्वतःच्या उष्णतेने शिजते. १२ मिनिटांत प्रथिने आवळून आतले पाणी पिळून निघते. मग बटर कितीही ओता, ते आत जात नाही.

त्याच भांड्यात आच मंद करून २० ग्रॅम बटर, १० लसणीच्या पाकळ्या बारीक चिरून, दोन उभ्या चिरलेल्या हिरव्या मिरच्या. लसूण पांढरीच राहावी, कडा जेमतेम पिवळ्या. तपकिरी झाली की कडू होते आणि तो कडूपणा साखरेनेही जात नाही. अर्धा चमचा लाल तिखट याच वेळी, कारण त्याचा रंग स्निग्धात उतरतो. लगेच कवचांचा रस ओतून बुडाला चिकटलेले खरवडून घ्यावे.

यापुढे कॉर्नफ्लोअरची गरजच का पडत नाही, ते पाहावे. बटरमध्ये सुमारे ८० टक्के स्निग्ध, १६ टक्क्यांच्या आसपास पाणी आणि थोडे दुधाचे घन भाग असतात. हे घन भाग स्निग्धाचे बारीक थेंब पाण्यात धरून ठेवतात, आणि त्यामुळेच रस दाट, चकचकीत होतो. तूप घालून हा रस होत नाही, कारण तुपातून पाणी आणि घन भाग दोन्ही गेलेले असतात. रस उकळायचा थांबला की ६० ग्रॅम फ्रिजमधले गार बटर, बोटाच्या पेराएवढे तुकडे करून, एकेक तुकडा टाकत भांडे गोल फिरवत राहावे. एक विरघळल्यावर दुसरा. पुन्हा उकळी आली की धरलेले थेंब सुटतात आणि वर तेल दिसू लागते. असे झाले तर गॅस बंद करून एक-दोन चमचे पाणी घालून जोरात फिरवावे, बहुतेक वेळा रस पुन्हा जुळतो. मग कोळंबी आणि ताटात साठलेले तिचे पाणी आत, अर्ध्या लिंबाचा रस, मिरपूड, कोथिंबीर. अर्धे मिनिट, आणि थेट भातावर.

बाजारच्या पिवळ्या बटरच्या १०० ग्रॅममध्ये साधारण दोन ग्रॅम मीठ असते, म्हणून चव पाहिल्याशिवाय वरून मीठ नको. घरचे लोणी चालते, उलट जास्त गोड लागते, पण ते गार पाण्यात तीनदा धुऊन ताक पूर्ण काढलेले हवे. ताक राहिले तर रसात चोथा दिसतो. काळा मसाला इथे घालू नये. तो रश्श्याचा राजा आहे, पण बटर आणि कोळंबी दोन्ही त्याच्याखाली दबून जातात.

भात जुन्या कोलमचा, दोन वाट्या, एका वाटीला दोन वाट्या पाणी. इंद्रायणी चिकट, ती रस शोषून लगदा होते; आंबेमोहराचा स्वतःचा वास कोळंबीशी भांडतो. भात आधी तयार हवा, कारण कोळंबी थांबत नाही. शिंपल्या-कोळंबीची ॲलर्जी असलेल्यांसाठी हा पदार्थ कितीही शिजवून सुरक्षित होत नाही, हेही कृतीखाली छापावे.

उरली तर दोन तासांत फ्रिजमध्ये, उन्हाळ्यात एका तासात. दुसऱ्या दिवशी ती गॅसवर किंवा मायक्रोवेव्हमध्ये गरम करू नये. कोळंबी बाजूला काढावी, फक्त रस मंद आचेवर दोन चमचे पाण्यासह सैल करावा, वाफाळत्या भातावर घालावा आणि गार कोळंबी त्यात खुपसून दोन मिनिटे झाकून ठेवावी.

आपला,
एक वाचक, जुळे सोलापूर