हायड्रेंजियाची छाटणी सरसकट नको

मा. संपादक,

पानगळी झुडपांची हिवाळ्याअखेरीस कडक छाटणी करावी, असा सल्ला बागकामाच्या लेखांत सरसकट दिला जातो. हायड्रेंजिया या फुलझुडपाच्या बाबतीत तो किती नुकसानकारक ठरतो, हे मी एक संपूर्ण बहर गमावून अनुभवले आहे. मोठ्या पानांच्या मॅक्रोफिला प्रजातीच्या बहुतेक वाणांत पुढच्या हंगामाच्या कळ्या आदल्या वर्षीच्या फांद्यांवर आधीच धरलेल्या असतात. त्या फांद्या कापल्या, की झुडूप पानांनी भरते, पण फुलत नाही. याउलट आर्बोरेसेन्स प्रजातीतील ‘अ‍ॅनाबेल’ किंवा पॅनिक्युलाटा प्रजातीतील ‘लाइमलाइट’ हे वाण नव्या फुटीवर फुलतात आणि त्यांना हीच छाटणी मानवते.

रंगाचेही तसेच आहे. आम्लधर्मी मातीत मुळांना अ‍ॅल्युमिनियम मिळाल्यावर मॅक्रोफिलाची फुले (खरे तर ती रंगीत निदले, म्हणजे फुलाच्या सर्वांत बाहेरच्या वर्तुळातील दले, असतात) निळी होतात आणि अल्कधर्मी मातीत गुलाबी; पांढरे वाण मात्र माती बदलूनही निळे होत नाहीत.

म्हणूनच लेखकांनी सल्ला देताना प्रजातीचा स्पष्ट उल्लेख करावा आणि रोपवाटिकांनी प्रत्येक रोपासोबत वाणाचे पूर्ण नाव लिहून द्यावे, अशी कळकळीची विनंती आहे.

आपला,
एक वाचक