रमाबाईंचं बायबल आणि आमची मेलेली भूक

मा. संपादक साहेब,
सप्रेम सलाम.

५ एप्रिलला पंडिता रमाबाईंचा स्मृतिदिन असतो, त्या निमित्ताने तुमच्या पेपरात त्यांच्यावर जो लेख आला तो मी दोनदा वाचला आणि कात्रण कापून ठेवलंय. लेख चांगलाच होता. शारदा सदन, केडगावचं मुक्ती मिशन, दुष्काळातनं आणलेल्या मुली, बालविधवा, सगळं आलं होतं. पण एक गोष्ट मनाला लागली म्हणून लिहायला बसले. रमाबाईंनी अख्खं बायबल मराठीत आणलं ही गोष्ट त्यात एका वाक्यात उरकली होती, म्हणजे बाकी एवढी कामं केली त्यात हे पण एक केलं, असं. मी जन्माने ख्रिस्ती, नगर जिल्ह्यातली, चौतीस वर्षं प्राथमिक शाळेत शिकवलं, आणि मला मनापासून वाटतं की बाईंचं बाकीचं सगळं काम ज्या झऱ्यावर चाललं तो झरा म्हणजे त्यांची वचनाची, म्हणजे बायबलमधल्या देवाच्या शब्दाची, तहान होती, आणि ती तहान आज आम्हा ख्रिस्ती लोकांच्याच घरातनं आटत चाललीय.

बघा ना, या बाईच्या घरात भूक होती ती पुस्तकांचीच. वडील अनंतशास्त्री डोंगरे, त्यांनी बायकोला संस्कृत शिकवलं म्हणून लोकांचं बोलणं खाल्लं, आणि त्या आईने पहाटे उठवून रमाला पाठ दिले. सगळं कुटुंब तीर्थोतीर्थी फिरत पुराणं सांगायचं. दुष्काळात आईवडील गेले, बहीण गेली, तरी ही पोर भावाबरोबर चालत राहिली आणि १८७८ ला कलकत्त्याला पोचली तेव्हा तिथल्या विद्वानांनी तिला पंडिता म्हटलं. पुढे लग्न होऊन आसामात सिल्चरला असताना घरातल्या पुस्तकांमध्ये तिला लूकच्या शुभवर्तमानाची, म्हणजे बायबलमधल्या येशूच्या चरित्राची, एक छोटी बंगाली पुस्तिका सापडली. एवढं लहान चोपडं. ते वाचून ती आत कुठेतरी ओढली गेली. नंतर नवरा गेला, पदरात लहान मुलगी, इंग्लंडला गेली, १८८३ ला बाप्तिस्मा घेतला. पण बाईंनी स्वतःच नंतर लिहून ठेवलंय की बाप्तिस्म्याच्या वेळी मला ख्रिस्ती धर्म मिळाला होता, ख्रिस्त मिळाला नव्हता, तो मिळायला पुढची आठेक वर्षं गेली. मला हे फार धीर देणारं वाटतं. एवढी हुशार बाई, संस्कृत मुखोद्गत, तिलाही वेळ लागला, वाढ एका दिवसात होत नाही, पण ती वाचत राहिली आणि शोधत राहिली.

आणि मग भाषांतर. बायबल मराठीत तेव्हा नव्हतं असं नाही, श्रीरामपूरला (ते बंगालमधलं, आपलं नव्हे) कॅरी या मिशनऱ्याने १८११ लाच नवा करार (बायबलचा दुसरा भाग) मराठीत छापला होता, नंतर अमेरिकन मिशनने केला, बायबल सोसायटीचं पण होतं. पण बाईंचं म्हणणं होतं की ही भाषा पंडितांची आहे, माझ्या केडगावच्या मुलींना, खेड्यातल्या अडाणी बायांना ती कळत नाही. जिला स्वतःला पंडिता म्हणून मान मिळाला त्या बाईने संस्कृत शब्द बाजूला ठेवून साधी मराठी धरली! त्यासाठी वय झालेलं असताना मूळ भाषा शिकली, हिब्रू आणि ग्रीक. कानाने कमी ऐकू यायचं. १९२१ ला एकुलती एक मनोरमा गेली, तरी काम चालूच. आणि छापायला कोण, तर मुक्तीतल्याच बाया आणि मुली, त्यांनीच खिळे (छपाईचे अक्षरांचे ठसे) जुळवले, त्यांनीच छापखाना चालवला. ज्या मुलींना कुणी दाराशी उभं करत नव्हतं त्यांच्या हातातनं देवाचं वचन एकेक अक्षर करून गेलं. १९२२ ला बाई गेल्या आणि अख्खं बायबल १९२४ ला बाहेर पडलं.

आता आमच्याकडे बघा. माझ्या घरात चार बायबलं आहेत, एक लग्नातलं, एक मिस्टरांचं, एक मुलाला संडे स्कूलमध्ये बक्षीस मिळालेलं, एक सुनेचं इंग्लिश. शिवाय प्रत्येकाच्या मोबाइलमध्ये ॲप. आणि सकाळी सहापासून व्हॉट्सॲपच्या ग्रूपवर वचनं यायला लागतात, फुलांचं चित्र, उगवता सूर्य, त्यावर एक ओळ, खाली आमेन आमेन आमेन. मी पण टाकते आमेन. पण खरं सांगू का, त्या ओळीच्या मागेपुढे काय लिहिलंय ते किती जण उघडून बघतात? बायबलमधल्या यिर्मया २९ चं ते वचन, तुमच्याविषयी माझे संकल्प हिताचे आहेत, ते दहावीच्या पेपरच्या दिवशी, नोकरीच्या इंटरव्ह्यूच्या दिवशी सगळीकडे फिरतं. पण ते ज्यांना लिहिलं होतं ते बाबेलमध्ये (बॅबिलोनमध्ये) धरून नेलेले यहुदी कैदी होते, आणि त्याच्या आदल्याच वचनात देव सांगतो की सत्तर वर्षं भरल्यावर मी तुम्हाला परत आणीन. सत्तर वर्षं! म्हणजे ऐकणाऱ्यातले बहुतेक तिथेच मरणार होते. त्याच्या आधी सांगितलंय की तिथेच घरं बांधा, मळे लावा, पोराबाळांची लग्नं करा, ज्या शहरात नेलंय त्याच्या भल्यासाठी प्रार्थना करा. हे सगळं वाचल्यावर ती एक ओळ किती मोठी होते. आणि तुकडा कापून घेतला की ती फक्त शुभेच्छा उरते. मी त्या फॉरवर्ड करणाऱ्यांना नावं ठेवत नाही, प्रेमानेच पाठवतात, पण दिवसभर चिवडा-फरसाण खात राहिलं की जेवायला भूक राहत नाही तसं झालंय आमचं.

आमच्या संडे स्कूलमध्ये सुवर्णवचनाचं कार्ड मिळायचं. त्यात येशूचा शिष्य पेत्र याच्या पहिल्या पत्रातलं दुसऱ्या अध्यायाचं दुसरं वचन होतं, की नवीन जन्मलेल्या बाळांसारखी निर्भेळ दुधाची आस धरा म्हणजे तुमची वाढ होईल. मला ते वयाच्या आठव्या वर्षापासून पाठ आहे आणि मी ते पुढे शेकडो पोरांकडून पाठ करून घेतलंय. पण ते कळायला मला आजी व्हावं लागलं. नातू पंधरा दिवसांचा असताना त्याने एकदा दूध सोडलं. घरात सगळ्यांचा जीव टांगणीला. आता बाळ दूध पीत नाही म्हणून कुणी त्याला रागावतं का, किंवा तू किती वाईट बाळ आहेस म्हणतं का? आम्ही कारण शोधलं. नाक चोंदलंय का, तोंड आलंय का, पोटात गॅस धरलाय का. शेवटी नाकच चोंदलं होतं, ते साफ केलं आणि पोरगं असं तुटून पडलं दुधावर. बाळाला भूक शिकवावी लागत नाही, ती जन्माबरोबरच येते, अडलेलं तेवढं मोकळं करावं लागतं.

आणि गंमत म्हणजे पेत्राने तेच लिहिलंय. कार्डावर फक्त दुसरं वचन होतं, पहिलं नव्हतंच. पहिल्या वचनात तो म्हणतो की सगळा दुष्टपणा, कपट, ढोंग, हेवा, लोकांची निंदानालस्ती हे टाकून द्या, आणि मग दुधाची आस धरा. एकच वाक्य आहे ते. मी साठीला आले तेव्हा बायबल क्लाससाठी तयारी करताना पहिल्यांदा ही दोन्ही वचनं एका दमात वाचली आणि मला घाम फुटला. कारण तेव्हा माझं आणि माझ्या थोरल्या जावेचं घराच्या वाटणीवरनं चार वर्षं बोलणं बंद होतं. एकच गाव, एकच मंडळी (चर्च), रविवारी ती डाव्या बाजूला बसायची मी उजव्या, आणि प्रभुभोजनाला (चर्चमधल्या भाकरी-द्राक्षारसाच्या विधीला) उठताना मी बघून घ्यायचे की ती आधी गेलीय का नंतर जाणार आहे. त्या चार वर्षांत मी एक दिवस बायबल वाचायचं सोडलं नव्हतं हो. रोज एक अध्याय, खूण करायची आणि मिटायचं. पण मिटल्यावर काय वाचलं ते आठवायचं नाही. स्तोत्रं वाचताना जिथे जिथे शत्रू शब्द यायचा तिथे मला तिचंच तोंड दिसायचं, आणि मी ते देवापुढे मांडतेय असं समजायचे. मी पाळकांना (चर्चच्या पाद्रींना) पण विचारलं होतं की मला वाचनात गोडी का वाटत नाही, ते म्हणाले वेळ बदलून बघा, पहाटे वाचा. पहाटे पण वाचलं.

त्या वचनानंतर तीन दिवस मी टाळाटाळ केली आणि चौथ्या दिवशी संध्याकाळी गेले तिच्याकडे. ती भांडी घासत होती. तिने हात धुतले, चहा टाकला, मी म्हटलं आक्का, मी तुमच्याबद्दल चार ठिकाणी वाईट बोलले, मला माफ करा. ती काही बोलली नाही, रडली, मग मी पण. वाटणीचा प्रश्न त्या दिवशी सुटला नाही, आजसुद्धा पूर्ण सुटलेला नाही, खोटं कशाला लिहू. पण घरी येऊन रात्री मत्तयाचं शुभवर्तमान उघडलं आणि येशूचं डोंगरावरचं प्रवचन वाचायला घेतलं ते तीनही अध्याय वाचून थांबले. कितीतरी वर्षांनी मला पुस्तक मिटवावंसं वाटलं नाही.

तेच डोंगरावरचं प्रवचन, ज्याने ख्रिस्ती कवी नारायण वामन टिळकांना धरलं. १८९३ ला आगगाडीत एका अनोळखी गोऱ्या माणसाने त्यांना नवा करार दिला होता, टिळकांनी वाचीन म्हणून शब्द दिला होता तेवढ्यासाठी वाचायला घेतला, विश्वास वगैरे काही नव्हता, आणि त्या तीन अध्यायांशी आल्यावर सुटताच येईना. १८९५ ला बाप्तिस्मा. त्यांना कुणी रोजचं टार्गेट दिलं नव्हतं. मी हे मुद्दाम लिहितेय कारण दर जानेवारीत आमच्या मंडळ्यांमध्ये वर्षात बायबल पूर्ण करायचा तक्ता वाटतात, एकूण ११८९ अध्याय, रोजचे तीन-चार, आणि फेब्रुवारीत लेवीय या तिसऱ्या पुस्तकापर्यंत येऊन निम्मे लोक गळतात, आणि मग पुढे वर्षभर अपराधी वाटून पुस्तकच उघडत नाहीत. तक्ता वाईट नाही, ज्याला जमतो त्याने करावा. पण ज्याची भूक मेलीय त्याच्यापुढे अख्खी पंगत वाढून काय उपयोग, त्याला आधी पेज द्यावी. क्विझचं पण तसंच, बायबलमधल्या मथुशलहाचं वय ९६९ हे पोरांना पाठ असतं, पण येशूच्या गोष्टीतल्या, आपला वाटा उधळून घरी परतणाऱ्या पुत्राच्या बापाला लांबनंच मुलगा दिसला याचा अर्थ तो रोज वाट बघत असणार, हे त्यांच्याशी कुणी बोलत नाही.

आम्ही घरी गेल्या वर्षी लूकपासून सुरू केलं. लूकच का, तर रमाबाईंची सुरवात त्याने झाली म्हणून. रात्री जेवणं झाल्यावर टीव्ही बंद, अर्धा अध्याय, मोठ्याने, आळीपाळीने. मुलगा वाचतो, सून वाचते, तिचं शिक्षण इंग्लिश मिडियममधलं त्यामुळे तिला मराठी वाचायला अवघड जायचं, आता सुधारलंय. नातू नऊ वर्षांचा, तो जोडाक्षराला अडखळतो. उपदेश कुणी करायचा नाही असं ठरवलंय, फक्त वाचायचं आणि कुणाला काही विचारायचं असेल तर विचारायचं. पंधराव्या अध्यायात तो उधळा मुलगा डुकरं राखतोय आणि शेंगांनी पोट भरायला बघतोय तिथे मी मुद्दाम थांबवलं. नातू म्हणाला आजी, मग पुढे? बापाने घेतलं का त्याला घरात? मी म्हटलं उद्या. सकाळी शाळेच्या गडबडीत बघते तर दप्तर खांद्याला अडकवलेलं, एका पायात मोजा, आणि उभ्या उभ्या लूक उघडून बोट ठेवून वाचतोय.

ही मागणारी भूक आपल्या मातीत जुनी आहे बरं का. गोव्यात फादर स्टीफन्सने १६१६ ला क्रिस्तपुराण छापलं ते मराठी ओव्यांमध्ये, आणि त्या ग्रंथाच्या सुरवातीलाच आहे की नवीन ख्रिस्ती झालेल्या लोकांनी पाद्रींना विचारलं, आमची आधीची पुराणं तर आता राहिली नाहीत, मग आम्ही वाचायचं काय, आम्हाला दुसरं काहीतरी द्या. त्यांनी मागितलं म्हणून ते लिहिलं गेलं. आज आमच्यापैकी कुणी पाळकाला असं जाऊन विचारतं का?

संपादक साहेब, एक विनंती आहे. पुढच्या ५ एप्रिलला रमाबाईंवर लेख छापाल तेव्हा त्यांच्या भाषांतरातला एखादा उतारा पण छापा, आठ-दहा ओळी का होईना, त्यांच्या साध्या मराठीत. लूकमधलाच द्या, जमलं तर पंधराव्या अध्यायातला. माझ्या जावेचे डोळे आता अधू झालेत, तुमचा पेपर मी तिला दुपारी वाचून दाखवते, तो उतारा पण दाखवीन.

कळावे,
आपली नियमित वाचक,
एक निवृत्त शिक्षिका, ता. राहुरी