शिन सांग-ओक यांचे चित्रपट आमच्या आयांनाही पाहू द्या

मा. संस्कृती, क्रीडा व पर्यटन मंत्री, दक्षिण कोरिया यांस,
सप्रेम नमस्कार.

मागणी मराठी उपशीर्षकांची आहे, म्हणून पत्रही मराठीतच लिहिते आहे.

दिग्दर्शक आणि निर्माते शिन सांग-ओक यांचं नाव काढलं की आमच्याकडे एकच गोष्ट निघते, अपहरणाची. १९७८ मध्ये आधी त्यांच्या घटस्फोटित पत्नी, अभिनेत्री चोई उन-ही आणि मग ते स्वतः हाँगकाँगमधून उत्तर कोरियात नेले गेले. मग तुरुंग, पुढे तिथले सर्वेसर्वा झालेले किम जोंग-इल यांच्यासाठी काढलेले चित्रपट आणि १९८६ मध्ये व्हिएन्नात अमेरिकी वकिलातीत घेतलेला आसरा. सगळं खरं, पण त्याखाली त्यांचं काम झाकलं गेलं. १९६० च्या दशकात त्यांची 'शिन फिल्म' ही तुमच्या देशातली बलाढ्य चित्रसंस्था होती. १९७५ मध्ये सरकारने तिचा परवानाच काढून घेतला, हे किती जणांना ठाऊक आहे?

त्यांचा १९६१ चा 'पाहुणा आणि आई' मी माझ्या आईसोबत पाहिला. कोरियन फिल्म अर्काइव्हने तो यूट्यूबवर फुकट ठेवला आहे, त्याबद्दल मनापासून आभार. आईला इंग्रजी येत नाही. खालच्या इंग्रजी उपशीर्षकांची प्रत्येक ओळ मी तिला मराठीत सांगत होते. तरुण विधवा, सोबत सासू आणि लहानगी ओक-ही. बाहेरच्या खोलीत नवऱ्याचा जुना मित्र राहायला येतो. त्याला उकडलेली अंडी आवडतात, हे कळल्यावर घरात अंडी जास्त येऊ लागतात. प्रेमाबद्दल कुणी चकार शब्द काढत नाही. तिथे आई म्हणाली, "आता सांगू नकोस, कळतंय मला."

विधवेने मन मारून जगायचं, हे आमच्या घरांनीही पाहिलंय. चोई उन-ही यांच्या नुसत्या खाली वळलेल्या नजरेतून आईला ते समजलं.

शिन यांचा जन्म १९२६ चा. २०२६ हे त्यांचं जन्मशताब्दी वर्ष. या निमित्ताने त्यांच्या निवडक चित्रपटांना मराठी उपशीर्षकं द्यावीत, आणि पुण्यातल्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयात ते मोठ्या पडद्यावर दाखवावेत. उत्तरेत काढलेलेही त्यात असावेत. त्यांचं जन्मगाव चोंगजिन उत्तरेतच आहे.

दुसऱ्या दिवशी आईने विचारलं, "त्या बाईचा आणखी एखादा आहे का गं?" आहेत. फक्त प्रत्येक वेळी शेजारी मी बसायला हवी.

आपली,
पुण्यातील एक प्रेक्षक