व्हायोलिन वाजवायला देणार आहेत का?

चि. निखिल यास अनेक आशीर्वाद.

फोनवर बोललं की तू चिडतोस, मग माझाही आवाज चढतो, म्हणून लिहितेय. बाबा म्हणाले, "लिही, पण त्या व्हायोलिनचं काढू नकोस." नाही काढणार.

टीव्हीवरच्या रात्रीच्या गप्पांच्या कार्यक्रमात तुला विनोद करायला पाहुणा म्हणून बोलावलं, आनंद झाला रे, खूप झाला. मालूआत्याला त्याच रात्री सांगून टाकलं. तू सांगू नको म्हणाला होतास, पण अशी बातमी माझ्या पोटात राहणार आहे का?

त्या प्रोड्युसर बाईंनी आधी फोनवर सगळं विचारून घेतलं, म्हणालास. ती पद्धतच आहे म्हणे. होस्टच्या हातातल्या कार्डांवर प्रश्न असतात आणि उत्तरं त्याला आधीच ठाऊक असतात. पण विचारलं काय? तुझ्या विनोदांतलंच सगळं. मी मुली बघायचा घाट घातला होता ते, तुझ्या शाळेच्या डब्याचा वास, बाबांचं इंग्रजी. बाबांना त्याचं काही वाटत नाही, असं ते म्हणतात. पण वाद्याबद्दल एक प्रश्न नाही? वाजवायला देणार आहेत की नुसतं सोफ्यावर बसवून हसवून घेणार?

बघ, काढलंच.

आपण अमेरिकेत नवीन आलो तेव्हा बाबांची रात्रपाळी असायची. तू माझ्या मांडीवर झोपलेला आणि मी आवाज बारीक करून जॉनी कार्सनचा रात्रीचा गप्पांचा कार्यक्रम बघायची. माझं निम्मं इंग्रजी त्याच्याकडून आलंय. त्या वेळी टीव्हीवर ती गाणारी-नाचणारी शारो दिसायची, स्पेनमधल्या मुर्सियाकडची. चमचमते कपडे, मोडकं इंग्रजी, "कूची-कूची" म्हणत कंबर हलवायची की लोक खुर्चीतून पडायचे. मीही हसायची. आणि एकदा, कुठल्या कार्यक्रमात ते आठवत नाही, तिच्या हातात गिटार दिसली. उजव्या हाताची तीन बोटं एकाच तारेवर एकामागून एक इतक्या झपाट्याने पडत होती की सूर तुटतच नव्हता. खाली अंगठा आपला निवांत दुसरीच चाल चालवत होता. मी उठून टीव्हीजवळ जाऊन बसले. एवढी विद्या हिच्याकडे आहे हे इतके दिवस कुणी सांगितलंच नव्हतं! १९६०च्या दशकापासून ती इथल्या टीव्हीवर होती आणि गिटार पुढे ठेवून काढलेला तिचा अल्बम आला १९९४ मध्ये. बाई हुशार, त्या दोन शब्दांवर तिने लास व्हेगास गाजवलं. तिची कीव करण्याचं कारण नाही. पण आजही नाव काढलं की लोक कंबर हलवून दाखवतात. बोटांचं कोण बोलतं?

तो विनोदवीर याकोव्ह स्मिरनॉफ आठवतो? ओडेसाहून १९७७ साली आलेला. सगळे विनोद सोव्हिएत रशियावर. १९९१ मध्ये तो देशच राहिला नाही, मग विनोद कशावर करणार? पुढे मिझुरीत ब्रॅन्सनला स्वतःचं थिएटर काढून त्याने निभावलं, पण टीव्हीची बोलावणी आटली. तू बाबांच्या इंग्रजीवर किती वर्षं काढणार? बाबाही आता बरं बोलायला लागलेत.

आता हे लेक्चर झालं, कळतंय मला. या क्षेत्रातलं तुला माझ्यापेक्षा जास्त कळतं, त्या लोकांशी रोज बोलणारा तू. आणि विनोद तुला येतो, ते काही खोटं नाही. आप्पांच्या बाराव्याला तू अख्ख्या घराला हसवलं होतंस, काकूसुद्धा हसली होती. तेव्हा माझं मनावर घेऊ नकोस.

पण एक सांगते. १९५५ साली इथल्या टीव्हीवरच्या 'ऑम्निबस' कार्यक्रमात अली अकबर खाँसाहेबांनी सरोद वाजवला. व्हायोलिनवादक मेनुहिननी बोलावून आणलं होतं त्यांना. इथल्या किती जणांनी सरोद हा शब्द तरी ऐकला असेल? तरी ते बसले आणि वाजवलं. म्हणून म्हणते, लोकांना कळणार नाही हे कारण मला सांगू नकोस. आणि तीन मिनिटांत काय होतं, हेही नको. अब्दुल करीम खाँसाहेबांची झिंझोटी रागातली ठुमरी ऐक, जुन्या तबकडीच्या एका बाजूत मावलेली आहे. बागेश्री लावलास तर आलापात अडकू नकोस, दोन-चार स्वरांत राग उभा कर आणि थेट द्रुत गतीवर ये. तुझे व्हायोलिनचे सर हेच सांगायचे ना?

तू खाली बसून, स्क्रोल म्हणजे व्हायोलिनचं वळणदार टोक पायावर टेकवून वाजवतोस, हे त्यांना आधी सांग. नाहीतर आयत्या वेळी उंच स्टूल पुढे करतील. चौथरा मागून घे, वर सतरंजी. स्टुडिओत गारठा असतो म्हणतात, तारांचा सूर हलेल. निदान अर्धा तास आधी व्हायोलिनची पेटी उघडून ठेव. आणि वाजवायला मिळणार का, हे त्या बाईंकडून लेखी घे. तोंडी नको. मी एवढंच विचारत होते त्या दिवशी, तू फोन ठेवलास.

वाजवायला नाहीच दिलं तरी जा. मी सगळ्यांना सांगून बसलेय म्हणून नाही, तू इतकी वर्षं दुसऱ्यांच्या ओपनिंगला, त्यांच्या आधी उभा राहिलास म्हणून. गुडघ्याला पट्टा लाव. निळा कुर्ता घाल, काळ्यात तू आजारी दिसतोस. झोप होते ना रे? मागच्या वेळी डोळे खोल गेलेले वाटले. बाबा म्हणाले कॅमेऱ्याचं असेल.

आधीचा पाहुणा लांबला आणि तुला "पुढच्या वेळी" म्हणाले तर भांडू नकोस, तिथे असं चालतं म्हणे. मालूआत्याला काय सांगायचं ते माझं मी बघते.

तुझी
आई