काच ती काच नव्हे!

मा. संपादक,
स. न. वि. वि.

कालच्या पुरवणीतला रिकाम्या बाटल्यांवरचा लेख वाचला. बाटलीत दिव्यांची माळ सोडा, गळ्याला सुतळी गुंडाळा, मनीप्लांट लावा. सुंदर! आमच्याकडे महिन्याला डझनभर बाटल्या निघतात. सगळ्यांत माळा सोडल्या तर रात्री गॉगल लावून झोपावे लागेल. लेख हौसेने लिहिला आहे, त्याबद्दल तक्रार नाही. पण बाटली फुटली तर काय, याला अख्ख्या लेखात एक ओळ: फुटलेली काच काळजीपूर्वक कचऱ्यात टाकावी. काळजीपूर्वक म्हणजे कशी, ते वाचकाने ओळखायचे.

मी ओळखले होते. काही वर्षांपूर्वी माझ्या हातून एक बरणी पडली. तुकडे सुपलीत भरले, पिशवीत टाकले, गाठ मारली, वर आणखी एक पिशवी चढवली आणि स्वतःवर खूश झालो. दुसऱ्या दिवशी कचरा न्यायला आलेल्या माणसाने रोजच्यासारखी ती पिशवी हाताने दाबून डब्यात बसवली. तुकडा दोन्ही पिशव्या फाडून तळहातात घुसला. पाच टाके पडले. तो मला एक शब्द वावगा बोलला नाही. एवढेच म्हणाला, ‘‘आत काय आहे ते पिशवी सांगत नाही ना, साहेब.’’ त्यापेक्षा शिव्या दिल्या असत्या तर बरे झाले असते.

तेव्हापासून आधी पायात चपला, मग मोठे तुकडे जाड हातमोजे घालून, बाकीचे पुठ्ठ्याने ओढून सुपलीत. उरलेली कच ओल्या कागदाने टिपायची आणि तो कागदही काचेबरोबरच टाकायचा. फडक्याने पुसू नये. ते धुताना कच आपल्याच बोटात जाते. सगळे वर्तमानपत्राच्या चार-पाच थरांत गुंडाळून खोक्यात, खोक्याला चिकटपट्टी आणि वर ठळक अक्षरांत ‘फुटकी काच’. या कामी आपला मुख्य अंक उत्तम. पुरवणीचा गुळगुळीत कागद सटकतो.

आता लेखातले दुसरे वाक्य: कोणतीही काच वितळवून पुन्हा बाटली होते. नाही होत, हो! बाटलीची काच वाळू, सोडा आणि चुनखडी यांची. ओव्हनमध्ये चालणारे भांडे बहुधा बोरोसिलिकेट नावाच्या, उष्णता सोसणाऱ्या काचेचे. ते जास्त तापमानाला वितळते. बाटल्यांच्या भट्टीत त्याचे खडे राहतात, चिनी मातीच्या कपाचे तर राहतातच, आणि नवी बाटली नेमकी त्या खड्यापाशी तडकते. आरसा, खिडकीची तावदाने, बल्ब हेही बाटल्यांत नकोत. जुन्या पद्धतीच्या (एलईडी नसलेल्या) ट्यूबलाइटमध्ये पारा असतो, ती वेगळी द्यायची. मी स्वतः तडा गेलेली ओव्हनची झाकणे कित्येक वर्षे बाटल्यांच्या ढिगात ‘पुण्य’ म्हणून टाकत होतो, त्यामुळे हे जरा जोरात लिहितो आहे.

नीट वेगळी केलेली बाटली मात्र कितीही वेळा वितळवा, काचेचा कस उतरत नाही. भट्टीला सुमारे १५०० अंश सेल्सिअस तापमान लागते; मालात दर १० टक्के जुनी काच मिसळली की साधारण २ ते ३ टक्के ऊर्जा वाचते. रंगाचे मात्र सोवळे पाळावे लागते, कारण तपकिरी किंवा हिरवी काच मिसळली की पांढरी बाटली पांढरी निघत नाही. बुचे आणि धातूची झाकणे काढावीत, बाटली नुसती विसळावी. लेबल खरवडत बसू नये, थोडा कागद चिकटून राहिला तर तो भट्टीत जळून जातो. लेखात लेबल काढण्यावर दोन परिच्छेद आहेत. (गरम पाणी, तेल, खायचा सोडा. एका बाटलीसाठी!)

जाता जाता. पुरवणीत फोटोवर फिकट करड्या अक्षरांत सूचनांची चौकट छापण्याची कल्पना कोणाची? ‘तुकडे हाताने उचला’ असे मला दिसले. मग भिंग घेऊन बसलो, तेव्हा ‘उचलू नका’ सापडले, तेही फोटोतल्या बाटलीच्या बुडाखाली. ती चौकट मुख्य अंकात काळ्या शाईने पुन्हा छापावी, ही विनंती. आणि हो, भिंगही काचेचेच असते, पण तेही बाटल्यांत टाकायचे नसते.

आपला,
एक जुना वाचक